हनोखचं पुस्तक कुणी जाळलं?

‘इ.स. 325 मध्ये निकियाच्या परिषदेत सम्राट कॉन्स्टंटाइनने मतदान घेऊन बायबलची पुस्तकं ठरवली आणि हनोखचं पुस्तक, थोमाचं शुभवर्तमान अशी अडचणीची पुस्तकं जाळली.’ हा मजकूर शिकलीसवरलेली माणसंही पुढे ढकलतात, म्हणून हे लिहितोय. (हनोखचं पुस्तक म्हणजे बायबलमधल्या हनोख या पूर्वजाच्या नावाने लिहिलेला प्राचीन यहुदी ग्रंथ; शुभवर्तमान म्हणजे येशूचं जीवन किंवा शिकवण सांगणारं पुस्तक.)

आधी मतदान. निकियाची परिषद म्हणजे ख्रिस्ती बिशपांची मोठी सभा. तिचे 20 नियम आजही वाचायला मिळतात. बिशपांचे अधिकार, व्याजबट्टा करणारे धर्मगुरू, सगळं त्यात आहे. पुस्तकांच्या यादीबद्दल एकही नियम नाही. परिषदेतला मोठा वाद एरियस या धर्मगुरूच्या शिकवणीचा होता: येशू देवपित्याच्या बरोबरीचा नाही, असं तो म्हणे. मग ही कथा आली कुठून? नवव्या शतकातल्या एका ग्रीक ग्रंथात लिहिलंय, की सगळी पुस्तकं वेदीपाशी ठेवून प्रार्थना केली, तेव्हा खरी वर राहिली आणि खोटी खाली गेली. ही गोष्ट परिषदेनंतर साडेपाचशे वर्षांनी लिहिलेली!

सम्राटाने यादी ठरवली म्हणावं, तर चारच शुभवर्तमानं खरी हे इरेनियस या बिशपने इ.स. 180 च्या सुमारासच ठासून सांगितलं होतं. उरलेल्या पुस्तकांवरचा वाद निकियानंतरही मिटला नाही. चौथ्या शतकाच्या मध्याच्या सुमारास लिहिलेल्या सिनाय हस्तलिखितात, म्हणजे बायबलच्या एका जुन्या प्रतीत, प्रकटीकरण या शेवटच्या पुस्तकानंतर आज बायबलमध्ये नसलेली बर्नबाचं पत्र आणि हर्मासचा ‘मेंढपाळ’ ही पुस्तकं आहेत. नव्या कराराची आजची नेमकी 27 पुस्तकांची यादी पहिल्यांदा दिसते ती अलेक्झांड्रियाचा बिशप अथानासियस याच्या 367 सालच्या ईस्टरपत्रात. जुन्या कराराचा प्रश्न तर आजही एकमताने सुटलेला नाही. वसईतल्या कॅथलिक घरातल्या बायबलमध्ये 73 पुस्तकं असतात, प्रोटेस्टंट घरातल्या बायबलमध्ये 66.

थोमाचं शुभवर्तमान नाकारलं गेलं, हे खरंच आहे. पण ते नाकारणाऱ्यांत ओरिजेन हा ख्रिस्ती विद्वान होता, आणि तो निकियाच्या कितीतरी आधी वारला.

राहिलं हनोखचं पुस्तक. नव्या करारातलं यहूदाचं पत्र उघडा, वचन 14. ‘आदामापासून सातवा’ हनोख काय म्हणाला ते तिथे दिलंय, आणि ते शब्द याच पुस्तकातले आहेत. म्हणजे जे जाळलं म्हणतात, त्यातला उतारा प्रत्येक मराठी बायबलमध्ये छापलेला आहे. इथिओपियाच्या ऑर्थोडॉक्स चर्चने तर हे पुस्तक कधी शास्त्राबाहेर काढलंच नाही. गीझ या तिथल्या प्राचीन भाषेत, हाताने नकलून, तिथल्या लोकांनी ते शतकानुशतकं जपलं. 1773 मध्ये जेम्स ब्रूस हा स्कॉटिश प्रवासी त्याच्या हस्तलिखित प्रती युरोपात घेऊन आला, त्या तिथूनच.