कार्ल रोव्हचा फॉरवर्ड आणि आमची मतदार यादी

गेल्या महिनाभरात एकच मेसेज मला सात जणांनी पाठवला. त्यात भुसावळचा मामेभाऊ आहे, धुळ्याचे एक वकीलसाहेब आहेत आणि तिघे तर चक्क इच्छुक आहेत. मेसेजचा मतलब असा: अमेरिकेतल्या कार्ल रोव्ह नावाच्या उजव्या विचारांच्या सल्लागाराने एकट्याच्या डोक्याने बुशना दोनदा राष्ट्राध्यक्ष केलं, उमेदवार हा नुसता चेहरा. पुढे तो पेपरात लिहायला लागला, आणि आतून पाहिलेल्या माणसाचं लिहिणं चुकत नाही. आपल्याकडे ही विद्या २०१४ ला आली. रोव्हकडे डिग्री नव्हती, तेव्हा खान्देशच्या पोरांनी स्पर्धा परीक्षेत वर्षं घालवण्यापेक्षा सरळ राजकीय सल्लागार व्हावं.

मी पंधरा वर्षं जळगाव-धुळ्यात हेच काम करतो, बहुतेक वेळा उजव्या बाजूच्या उमेदवारांसाठी. एका स्थानिक साप्ताहिकात सदरही लिहितो. म्हणजे हा मेसेज लोकांनी खरा मानला तर माझा भाव वाढेल. तरी लिहितोच.

आधी ‘एकट्याच्या डोक्याने’ या शब्दांचं बघू. रोव्हने १९८१ मध्ये टेक्सासात, ऑस्टिनला कंपनी काढली ती टपालाने प्रचार करण्याची. कोणत्या घरी कोणतं पत्र जाईल, देणगी कोणाकडे मागायची, याच्या याद्या हा त्या धंद्याचा जीव. आणि वारं आधीच फिरलेलं होतं. १९७८ च्या निवडणुकीत टेक्सासला शंभरेक वर्षांनी रिपब्लिकन गव्हर्नर मिळाला होता. (रिपब्लिकन म्हटलं की आपल्याला निळा झेंडा आठवतो. तिकडचा रिपब्लिकन म्हणजे उजवा पक्ष, गल्लत नको.) रोव्ह हुशार होताच, पण वाऱ्याच्या दिशेने नाव सोडायलाही हुशारी लागते, आणि वारा काही नावाड्याने आणलेला नसतो.

बरं, २००० ची ती निवडणूक. तिकडे राष्ट्राध्यक्ष ठरतो तो राज्याराज्यांना वाटून दिलेल्या इलेक्टोरल मतांवर. रोव्हचं भाकीत होतं अशा ३२० मतांचं. मिळाली २७१, लागत होती २७०. फ्लोरिडातली आघाडी ५३७ मतांची, फेरमोजणी थांबली ती सुप्रीम कोर्टात, आणि देशभरची मतं धरली तर समोरचे उमेदवार अल गोरच पाच लाखांहून जास्त मतांनी पुढे. आमच्याकडे एका बूथच्या यादीत हजारेक नावं असतात. त्यातल्या अर्ध्या बूथवर जगाचा इतिहास फिरला, याला एकट्याचं डोकं म्हणायचं असेल तर म्हणा. २००४ चा विजय मात्र साफ होता, ते श्रेय त्याला द्यायला हवं. पण २००६ मध्ये हाच माणूस रेडिओवर ठासून सांगत होता की खरं गणित आपल्यापाशी आहे. त्या वर्षी पक्षाची दोन्ही सभागृहं गेली. फॉरवर्डमध्ये २००६ नाही.

आपल्याकडच्या सगळ्यात गाजलेल्या सल्लागाराचंही तेच. बिहार, बंगाल सगळ्यांना पाठ. उत्तर प्रदेशात २०१७ ला काँग्रेसच्या ४०३ पैकी ७ जागा आल्या, तेव्हा प्रशांत किशोर कोणाबरोबर होते ते कोणी विचारत नाही. २०२५ ला बिहारमध्ये त्यांचा स्वतःचा पक्ष उतरला आणि भोपळाही फुटला नाही.

आता खोलीतलं सांगतो. २०१९ ला एका तालुक्याच्या गावी कापसाच्या गोदामावर आमची वॉर रूम होती. वॉर रूम म्हणजे प्लॅस्टिकच्या खुर्च्या, एक कुरकुरणारा कूलर आणि पुण्याहून आलेली चार पोरं. पोरांनी लॅपटॉपवर गावांचे नकाशे लाल-हिरवे-पिवळे रंगवले होते. सत्तरीचा एक कार्यकर्ता कोपऱ्यात यादीचा एक भाग मांडीवर घेऊन बसला होता, हातात लाल पेन. नावावरून बोट फिरवायचा आणि पुटपुटायचा, “हाऊ तं मरी गया ना भो... हाई पोर सुरतमा शे... हाऊ येवाव नही.” चहा येईपर्यंत दोन पानं लाल झाली. नकाशावर ते गाव गडद हिरवं होतं. त्या पोरांतल्या एकाने लॅपटॉप मिटला आणि खुर्ची म्हाताऱ्याच्या शेजारी ओढली, त्याला मी आजही काम देतो. रोव्हचा मूळ धंदा मला विचाराल तर त्या म्हाताऱ्याच्या जास्त जवळचा आहे.

२०२४ ला धुळे लोकसभेत काय झालं ते सगळ्यांनी पाहिलं. सहापैकी पाच विधानसभा क्षेत्रांत भाजप पुढे, एकट्या मालेगाव मध्यने पारडं फिरवलं आणि काँग्रेस ३,८३१ मतांनी निघाली. अशा निकालानंतर दोन्हीकडचे शहाणे सांगतात की आम्हाला आधीच माहीत होतं. मीही सांगितलं होतं.

२०१४ चा मुद्दा दोन ओळींत निपटतो. पैसे घेऊन प्रचार चालवणारी पहिली कंपनी क्लेम व्हिटेकर आणि लिओन बॅक्स्टर या जोडीने कॅलिफोर्नियात १९३३ ला काढली. आपल्याकडे २००४ ला जाहिरात कंपनीच्या मदतीने ‘इंडिया शायनिंग’ झालं आणि भाजप १८२ वरून १३८ वर आला. आणि सल्लागार नव्हते तेव्हाचं ऐका: १९५७ ला जनसंघाचे देशभरातून जेमतेम चार खासदार निवडून आले. एक बलरामपूरचे वाजपेयी, आणि एक आपल्या पश्चिम खान्देशातले उत्तमराव पाटील. त्यांच्या प्रचारात रंगीत नकाशे नव्हते.

खरी खोच दुसऱ्या मुद्द्यात आहे: आतून पाहिलेल्याचं लिहिणं. रोव्हने ऑगस्ट २००७ मध्ये व्हाइट हाउस सोडलं, मग वॉल स्ट्रीट जर्नलमध्ये साप्ताहिक स्तंभ आणि फॉक्स वाहिनीवर विश्लेषण सुरू केलं. २०१० मध्ये ‘अमेरिकन क्रॉसरोड्स’ ही उजव्या उमेदवारांसाठी पैसा उभारणारी संघटना निघाली, तिच्यामागेही तोच. म्हणजे एका हाताने देणग्या, दुसऱ्या हाताने विश्लेषण. २०१२ च्या निकालाच्या रात्री फॉक्सच्याच आकडेवाल्यांनी ओहायो राज्य ओबामांनी जिंकल्याचं जाहीर केलं. रोव्ह थेट प्रक्षेपणात मानायला तयार होईना. शेवटी निवेदिका मेगन केली कॅमेरा घेऊन त्या आकडेवाल्यांच्या खोलीपर्यंत चालत गेली, आणि ते आपल्या आकड्यावर ठाम राहिले. बरोबर तेच होते. ज्याचा पैसा पणाला लागलाय त्याला आकडा उशिरा दिसतो.

असाच जॉर्ज विल. १९८० ला रेगन यांच्या वादसभेच्या तयारीला स्तंभलेखक म्हणून नावाजलेले हे गृहस्थ बसले, आणि नंतर टीव्हीवर त्याच वादसभेतल्या रेगनच्या कामगिरीचं कौतुक केलं. तयारीची गोष्ट बाहेर आली १९८३ ला. हसू नका. मीही एका उमेदवाराचं भाषण लिहून दिलं होतं, आणि पुढच्या अंकात माझ्याच सदरात ‘मुद्देसूद भाषण’ असं छापून आणलं होतं. संपादकांना माहीत नव्हतं. वाचकाला तर नव्हतंच.

विल्यम सफायरचं वेगळं. निक्सनचा भाषणलेखक १९७३ ला न्यू यॉर्क टाइम्समध्ये स्तंभलेखक झाला, तो कुठून आला हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. १९७८ ला पुलित्झर मिळालं, राजकीय स्तंभ २००५ पर्यंत लिहिला. असं कोणी इथे लिहिणार असेल तर मी वर्गणी भरून वाचीन. तोवर सदराच्या खाली ‘लेखक अमुक उमेदवाराचं काम पाहतात’ एवढी ओळ छापा म्हणून मी संपादकांच्या मागे लागलोय. जागा नाही म्हणतात.

राहिला पोरांचा धंदा. रोव्हने डिग्री पुरी केली नाही हे खरं, पण विशीत तो पक्षाच्या विद्यार्थी संघटनेचा राष्ट्रीय अध्यक्ष होता आणि थोरले बुश पक्षाध्यक्ष असताना त्यांच्या हाताखाली काम करत होता. चोपड्याच्या पोराला ते अंगण कुठून मिळणार? आणि कामाचे दिवस किती? आचारसंहिता लागल्यापासून मतदानापर्यंत महिना-दीड महिना, आधीची धावपळ धरून चार महिने. पैसे तीन हप्त्यांत ठरतात. पहिला मिळतो, दुसरा अर्धा मिळतो, तिसरा निकालानंतर. उमेदवार जिंकला तर मुंबईत असतो, हरला तर फोन लागत नाही. त्या गोदामावरच्या प्रचाराचा माझा तिसरा हप्ता २०१९ पासून यायचा आहे. वर सांगितलेल्या तीन इच्छुकांपैकी एक ते गृहस्थ आहेत.