कुत्र्याच्या कानाला सुई टोचून झटका उतरत नाही

गेल्या आठवड्यात साताऱ्याहून मावशीचा फोन आला, तेव्हा तिने गॅसवर सुई उकळत ठेवली होती. तिचा तेरा वर्षांचा वाघ्या सकाळी उठताना एका कुशीवर कोसळला होता, त्याची मान डावीकडे कलली होती आणि बुबुळे एका लयीत आडवी हलत होती. शेजारणीने पाठवलेला फॉरवर्ड तिने मला वाचून दाखवला. कुत्र्याची मान कलली म्हणजे मेंदूचा झटकाच (स्ट्रोक) समजावा, तोंड उघडून जीभ वाकडी आहे का पाहावे, दोन्ही कानांच्या टोकांना सुई टोचून रक्ताचा एकेक थेंब काढावा, अर्धी डिस्प्रिन दुधातून द्यावी, आणि तीन तासांत हे केले नाही तर म्हातारे कुत्रे पुन्हा उभे राहत नाही, असा त्याचा मजकूर होता.

सुईपासूनच सुरुवात करतो, कारण मावशी तिथवर पोहोचली होती. झटका आलेल्या माणसाच्या दहाही बोटांना सुई टोचा, हा सल्ला अनेक वर्षे फिरतो आहे आणि डॉक्टरांनी तो वारंवार खोडून काढला आहे. इथे कोणीतरी बोटांच्या जागी कान घातले, एवढाच फरक. झटक्यात मेंदूतली एखादी रक्तवाहिनी गुठळीने बंद होते किंवा फुटते. कानाच्या कातडीतून थेंबभर रक्त काढल्याने यातले काहीही बदलत नाही. बदलते ते एवढेच, की आधीच भोवंडलेले आणि घाबरलेले जनावर चावते आणि दवाखान्यात जाण्याचा वेळ वाया जातो. शिवाय आपल्याकडे गोचिडांमुळे होणारा ताप कुत्र्यांमध्ये सर्रास आढळतो आणि त्यात रक्त गोठवणाऱ्या प्लेटलेट कमी होतात. अशा कुत्र्याच्या कानाला केलेल्या भोकातले रक्त लवकर थांबत नाही.

याच कारणाने डिस्प्रिनचा, म्हणजे ॲस्पिरिनचा, सल्ला मला सुईपेक्षाही भयंकर वाटतो. झटका गुठळीचा की रक्तस्रावाचा, हे बाहेरून पाहून पशुवैद्यालाही सांगता येत नाही. त्यासाठी एमआरआय किंवा सीटी स्कॅन लागतो. रक्तस्राव असेल, तर ॲस्पिरिन देणे म्हणजे तो वाढू देणे. त्यातून म्हाताऱ्या कुत्र्याला सांधेदुखीसाठी मेलोक्सिकॅमसारखे औषध चालू असेल, तर दोन्ही मिळून पोटात व्रण होऊ शकतात. काही रुग्णांना पशुवैद्य ॲस्पिरिन देतात, हे मान्य. पण ते वजनावरून मोजून आणि तपासणीनंतर.

मान कलण्याचा मुद्दा अर्धा खरा आहे. कुत्र्यांना झटका येतो, आणि मान कलणे, गोल गोल फिरणे, एका बाजूचे पाय लटके पडणे ही त्याची लक्षणे असतात. परंतु म्हाताऱ्या कुत्र्यांमध्ये अंतर्कर्णातील तोल सांभाळणारी यंत्रणा अचानक बिघडते, तेव्हाही हुबेहूब असेच दिसते. हा विकार बहुधा तीन दिवसांत उतरू लागतो आणि दोन-तीन आठवड्यांत बरा होतो. कानाच्या आतला जंतुसंसर्गही असेच रूप घेतो.

जीभ तपासण्याविषयी एकच सांगतो: लस न घेतलेल्या किंवा अनोळखी कुत्र्याचा जबडा लोंबत असेल, लाळ गळत असेल आणि चाल अडखळत असेल, तर तो रेबीजही असू शकतो. त्याच्या तोंडात बोटे घालू नयेत.

राहिला तीन तासांचा मुद्दा. लगेच दवाखाना गाठावा, हे बरोबरच. मात्र माणसांमध्ये गुठळी विरघळवण्यासाठी जी ठरावीक तासांची मुदत पाळतात, तसा रुळलेला उपचार कुत्र्यांसाठी नाही. मुख्य भर असतो तो शुश्रूषेवर आणि मूळ आजार शोधण्यावर. पशुवैद्य गारोसी आणि सहकाऱ्यांनी मेंदूत गुठळीचा झटका आलेल्या ३३ कुत्र्यांचा अभ्यास २००५ साली 'जर्नल ऑफ व्हेटरिनरी इंटर्नल मेडिसिन'मध्ये प्रसिद्ध केला. त्यांपैकी १८ कुत्र्यांना दुसरा आजार होता. आठ जणांना मूत्रपिंडाचा जुनाट विकार, सहा जणांना कुशिंग, म्हणजे शरीरात कॉर्टिसॉल हे संप्रेरक जास्त होण्याचा आजार. असा आजार असलेली कुत्री कमी जगली, पण ३३ पैकी बहुसंख्य कुत्री झटक्यातून सावरून घरी जगली. म्हणून रक्त, लघवी आणि रक्तदाब तपासून घेण्याचा आग्रह धरावा.

मावशीला मी गॅस बंद करायला सांगितले. वाघ्याला जिन्यापासून दूर, सतरंजीवर ठेवायचे, दूध-पाणी बळेच पाजायचे नाही, कारण ते श्वासनलिकेत जाऊ शकते, सुरुवात किती वाजता झाली ते लिहायचे आणि डोळ्यांचे व चालीचे मोबाइलवर चित्रण करायचे. फेफरे आले, तर त्याला धरून ठेवायचे नाही, आणि ते पाच मिनिटांहून जास्त टिकले, तर एक क्षणही थांबायचे नाही. पशुवैद्यांनी ते चित्रण दोनदा पाहिले, कान तपासला, रक्त घेतले आणि अंतर्कर्णाच्या बिघाडाचा अंदाज बांधला. चौथ्या दिवशी वाघ्या भिंतीच्या आधाराने अंगणापर्यंत गेला. मान अजून जराशी डावीकडेच आहे.