ताडपत्री फोटोत राहणारच

काका, नमस्कार. येळवस म्हणजे वेळ अमावस्या, रानात कोप (झोपडी) घालून पूजा करायचा आपल्याकडचा सण. त्यावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत की फोटोतली कोपीवरची निळी ताडपत्री, बांधावरची मोटारसायकल आणि कोल्ड्रिंकच्या बाटल्या बघून हिरमोड झाला. जुनी रीत नोंदवायची तर एक कडब्याची कोप मुद्दाम घालून घ्यायची, त्यात काय बिघडतं?

बिघडतं. ती ताडपत्री तिथं का आली, हेच तर मला नोंदवायचंय. शिवारात ज्वारी होती तोवर कडब्याला तोटा नव्हता. लातूर-धाराशिवकडं खरिपात सोयाबीन पसरलं आणि त्याच्या भुसकटाच्या काही पेंढ्या बांधता येत नाहीत. त्यात दावणीचे बैल कमी झाले, कडबा राखून ठेवायचं कारणच उरलं नाही. मग कोप कशाची घालणार? तूरकाट्या, जुनी लुगडी, ताडपत्री, जे हाताशी येईल त्याची. मी कडबा विकत आणून कोप उभी केली असती तर फोटो देखणा आला असता, आणि पुढं तो बघणाऱ्याला वाटलं असतं की इथं अजून ज्वारीच पिकत होती.

अशी मुद्दाम मांडणी एका माहितीपटात झालीय. आयर्लंडच्या पश्चिमेला ॲरन बेटं आहेत, बरीचशी उघडी चुनखडी. तिथल्या लोकांनी वाळू नि समुद्री शेवाळ पाठीवर वाहून आणलं, कातळावर माती तयार केली आणि बटाटे पिकवले. रॉबर्ट फ्लॅहर्टी यांच्या १९३४ च्या ‘मॅन ऑफ ॲरन’ या माहितीपटात हे काम दिसतं. पण त्यात शार्कची शिकारही आहे, जी तिथं कित्येक दशकं बंद होती. बेटावरच्या माणसांना ती नव्यानं शिकवावी लागली. पडद्यावरचं कुटुंबसुद्धा जुळवलेलं, आई-बाप-पोरगा प्रत्यक्षात एकमेकांचे कुणी नव्हते. हे कळल्यावर मला त्यातल्या खऱ्या मातीबद्दलही शंका यायला लागली.

पाच पांडव म्हणून मांडलेले चुन्यानं रंगवलेले दगड, भज्जी (मिसळीची भाजी), उंडे (पिठाचे उकडलेले गोळे), रानात आंबील शिंपडणं, हे सगळं लेखात आहेच, आणि ते कुणी माझ्यासाठी केलेलं नाही. (आदल्या रात्रीपासून चुलीशी बसलेल्या बायकांबद्दल एकाही प्रतिक्रियेत अक्षर नाही. कोपीचं दुःख मात्र सगळ्यांना.)

तुम्ही औशाकडचे, म्हणजे घरात जुने फोटो असणार. कडब्याची कोप असलेला एखादा सापडला तर साल आणि गाव लिहून पाठवा, लेखात जोडतो. मागं रॉकेलचा डबा दिसत असला तरी कापू नका.