स्मरणिकेत चॅनेलचा इतिहास कसा लिहावा

तुमच्या गावच्या लोकल केबल चॅनेलला 25 वर्षं झाली आणि "तुम्ही जरा लिहिता-बिहिता, स्मरणिकेला इतिहास लिहून द्या" असा मालकांचा फोन आला, तर घाबरू नका. नाहीही म्हणू नका. गावात राहायचंय, शिवाय घरातला सेट-टॉप बॉक्स त्यांचाच आहे.

सुरुवात जपून करा. खरी सुरुवात व्हीसीआरची. 1982 च्या एशियाडला रंगीत टीव्ही आला, मागोमाग व्हीसीआर आले, आणि कुणाच्या तरी माळ्यावरच्या एका व्हीसीआरमधून निघालेली वायर गच्च्यांवरून, पेरूच्या फांदीवरून, वीज मंडळाच्या खांबांवरून अख्ख्या गल्लीत शिरली. रात्री एक हिंदी पिक्चर, शनिवारी दोन. कॅसेट कुठली, हक्क कुणाचे, असल्या खोलात शिरू नका. कॉपीराइट कायद्यात 1984 च्या दुरुस्तीनं अशा समाजसेवेला तीन वर्षांपर्यंत कैदेची सोय झाली होती. तुम्ही लिहा, 'मनोरंजनाची गंगा घरोघरी नेण्याचं स्वप्न त्यांनी ऐन तारुण्यात पाहिलं.' खांबांचा उल्लेख नको. वायरी अजून त्याच खांबांवर आहेत.

1992 ला झी सुरू झाल्यावर छोट्या गावांतूनही गच्चीवर डिश बसू लागल्या. या काळाला 'केबल क्रांती' म्हणावं. क्रांतीत नदीपलीकडचा केबलवाला रात्री आपल्या मालकांची वायर तोडायचा आणि मालक पहाटे त्याची. मधल्या गल्लीला दोघांचाही चित्रहार मिळायचा नाही. पुढं दोघंही एकाच पॅनेलमधून पालिकेत निवडून आले, तेव्हा इथं 'निकोप स्पर्धा' हा शब्द शोभेल.

सरकारला 1994 साली जाग आली. अध्यादेश निघाला, 1995 ला कायदा झाला. केबलवाल्यानं नोंदणी करायची कुठं? मुख्य टपाल कार्यालयात! अर्ज भरायचा, 500 रुपये द्यायचे, बारा महिन्यांनी पुन्हा यायचं. आपल्या गावचा टीव्ही मनीऑर्डर आणि रजिस्टर पत्रांच्या शेजारच्या खिडकीवर कायदेशीर झाला. हा प्रसंग रंगवून लिहा, कारण याचाच तेवढा कागद सापडेल. जोडण्या किती, हे मात्र विचारू नका. एक आकडा करमणूक कराचा, दुसरा पे-चॅनेलवाल्यांना सांगायचा, तिसरा जाहिरातदाराला. स्मरणिकेला तिसरा घ्या.

आता बातम्या. इथं हात सैल सोडा. रात्री साडेआठचं बातमीपत्र, तेच सकाळी पुन्हा. मागं निळा पडदा, पुढं निवेदिका, आणि टेबलावर प्लास्टिकची फुलं. पहिली बातमी नगराध्यक्षांचं भूमिपूजन, दुसरी विरोधी गटाचं त्याच जागी भूमिपूजन. मधे मालकांचा वाढदिवस आला की गावात त्या दिवशी दुसरं काही घडायचं नाही. जाहिरात ताशी 12 मिनिटांच्या वर नको असा नियम आहे. तो कसोशीनं पाळला गेला, कारण भूमिपूजनाला कुणी जाहिरात म्हणत नाही. निवडणुकीत तर चॅनेल पूर्ण निःपक्ष असायचं. दर सर्वांना सारखा.

टवाळी पुरे, एक गोष्ट कबूल करू. लोक बघायचे ते खालची पट्टी. कोण गेलं, अंत्ययात्रा किती वाजता निघणार, पाणी उद्या येणार की परवा, कुणाची म्हैस हरवली. विसर्जन मिरवणूक सुरू झाली की घरी पडून असलेल्या आजीसुद्धा आपला नातू लेझीम खेळताना दिसतो का म्हणून रात्री दोनपर्यंत जागायच्या. हे कुठलंही मोठं चॅनेल दाखवत नाही. पण स्मरणिकेत म्हशीला जागा नाही, शुभेच्छापत्रांतच 40 पानं गेली आहेत.

कुणीतरी शहाणा गुजरातमधल्या पीजचं उदाहरण काढेल. खेडा जिल्ह्यात 1975 साली इस्रोच्या लोकांनी एक छोटं टीव्ही केंद्र चालवलं, गावकऱ्यांना विचारून त्यांच्याच प्रश्नांवर, त्यांच्याच बोलीत कार्यक्रम केले. 1985 ला त्याचा प्रक्षेपक उचलून मद्रासला नेला; लोकांनी विरोध केला तरी. शहाण्याला म्हणावं, बघा, लोकांना विचारून चालवलं की हे असं होतं. आपलं कुणी उचलून नेलं का?

डिजिटायझेशन एका ओळीत उरका. पालिकांच्या गावांना 31 डिसेंबर 2015 ची मुदत होती, ती लांबली, शेवटी बॉक्स आले आणि आपलं चॅनेल पहिल्या नंबरवरून रिमोटची तीन बटणं दाबावी लागतील अशा ठिकाणी गेलं. आता ते मोबाइलवर दिसतं.

राहिले फोटो आणि जुनं चित्रण. चित्रण नाही. कॅसेट महाग, म्हणून सोमवारच्या बातम्यांवर मंगळवारच्या, असं करत दशकभराचा गाव पुसला गेला. मात्र कॅमेरामन लग्नंही करायचा. अशाच एका लग्नाच्या कॅसेटच्या शेवटी, पाठवणीनंतर, जुनं बातमीपत्र तीन मिनिटं शिल्लक आहे. मुलीच्या वडिलांनी ती जपून ठेवलीय. मागून आणा, धूळ पुसून घ्या, बघा. निवेदिका सांगते, नव्या पाणीयोजनेचं भूमिपूजन झालं, वर्षभरात गावाला चोवीस तास पाणी.

हा भाग वापरू नका. येत्या रविवारी त्याच योजनेचं भूमिपूजन आहे, आणि मलपृष्ठाची जाहिरात त्यांचीच आहे.