‘टाइम ब्लाइंडनेस’चा तो मेसेज पुढे पाठवण्याआधी जरा थांबा

सध्या व्हॉट्सॲपवर एक मेसेज प्रचंड फिरतोय, फॅमिली ग्रुप, सोसायटीचा ग्रुप, शाळेच्या पालकांचा ग्रुप, सगळीकडे. त्यात म्हटलंय की ज्यांना कायम उशीर होतो त्यांना ‘टाइम ब्लाइंडनेस’ नावाचा नवीन आजार असतो, मेंदूतलं वेळेचं केंद्र बंद पडतं म्हणून तो होतो, डोळे मिटून एक मिनिट मोजा आणि दहा सेकंदांहून जास्त चुकलात तर तुम्हालाही आहे, घरातल्या म्हाताऱ्या माणसांना दिवस-रात्र कळेनाशी होते तोही हाच, आणि यावर औषध नाही म्हणून त्यांना टोकू नका, समजून घ्या. शेवटची ओळ मायेची आहे म्हणून लोक पाठवतात, ते मला कळतं. पण माझ्या सख्ख्या भावाला तिशी उलटून गेल्यावर एडीएचडीचं (लक्ष टिकवणं, कामं वेळेत आवरणं जड जातं, त्या त्रासाचं) निदान झालं, तोवर त्याची अख्खी उमेदीची वर्षं बोलणी खाण्यात गेली, त्यामुळे असलं अर्धवट काही वाचलं की मला गप्प बसवत नाही. एकेक मुद्दा घेते.

“नवीन आजार सापडलाय.”

नाही सापडलेला. डॉक्टर निदानासाठी आजारांच्या ज्या याद्या वापरतात त्या आयसीडी-11 (2022 पासून लागू) आणि डीएसएम-5, दोन्हीत या नावाचा वेगळा आजार नाहीये. शब्द मात्र खरा आहे, अमेरिकेतले मानसशास्त्रज्ञ रसेल बार्कली यांनी एडीएचडीवाल्यांचा त्रास समजावताना तो बराच वापरला. म्हणजे हे लक्षण झालं, ताप असतो तसं, आणि तापाचं कारण न शोधता नुसतं ‘तापाचा आजार’ म्हणून कुणी घरी बसत नाही. 2013 मध्ये स्कॉटलंडच्या एका माणसाला ‘उशिराचा आजार’ झाल्याची बातमी जगभर गाजली होती, पण तिच्यातही त्याच्या त्रासाचा संबंध एडीएचडीशीच जोडलेला होता. आणि एडीएचडी ठरवताना नुसता उशीर बघत नाहीत हो, बारा वर्षांच्या आधीपासून लक्षणं होती का, घर आणि ऑफिस दोन्हीकडे अडतंय का, वस्तू हरवणं, कामं अर्धी सोडणं, हे सगळं विचारतात.

“मेंदूतलं वेळेचं केंद्र बंद पडतं.”

असं एकच केंद्र मुळात नाहीये. दिवस-रात्रीचं घड्याळ मेंदूच्या तळाशी, हायपोथॅलॅमस नावाच्या भागात असतं, साधारण वीस हजार पेशींचा एक पुंजका, तो झोप-जाग सांभाळतो आणि डोळ्यांवर पडणाऱ्या उजेडावर स्वतःला लावून घेतो. सेकंद-मिनिटांचा अंदाज वेगळीकडे चालतो, त्यात बेसल गँग्लिया हा मेंदूच्या आतला भाग, डोपामिन हे मेंदूतलं रसायन, लहान मेंदू अशी बरीच मंडळी आहेत, म्हणूनच पार्किन्सन्सच्या पेशंटचे वेळेचे अंदाज औषध चालू नसताना बिघडलेले दिसतात आणि लहान मेंदूला इजा झाली तर एका लयीत बोट आपटणंही अवघड जातं. तास आणि दिवस कळायला तर स्मरणशक्तीच लागते. हेन्री मोलेसन या अमेरिकन पेशंटचं उदाहरण बघा, 1953 च्या मेंदूच्या ऑपरेशननंतर त्यांना नवीन काहीच लक्षात राहायचं नाही, आणि 1973 मध्ये छापून आलेल्या चाचण्यांत त्यांना साधारण वीस सेकंदांपर्यंतचा वेळ ठीक सांगता यायचा, त्याच्या पुढे मात्र अंदाज पार कोसळायचा. वीस सेकंद ठीक आणि पाच मिनिटं नाही, हे एका केंद्राच्या हिशोबात बसतच नाही.

“एक मिनिट मोजा, चुकलात तर आजार.”

या टेस्टने निम्मी सोसायटी आजारी ठरेल. 1930 च्या दशकात हडसन होगलँड या शास्त्रज्ञाने फ्लूने आजारी असलेल्या बायकोला मिनिट मोजायला सांगितलं, तर ताप वाढला तसं तिचं मोजणं भरभर व्हायला लागलं. कंटाळा, भीती, झोप, कशानेही फरक पडतो. मिशेल सिफ्र हा तरणाबांड फ्रेंच भूवैज्ञानिक 1962 मध्ये घड्याळाशिवाय दोन महिने आल्प्सच्या गुहेत राहिला, 14 सप्टेंबरला त्याला वर बोलावलं तेव्हा त्याच्या हिशोबाने 20 ऑगस्टच होती, आणि सेकंदाला एक असे 120 आकडे मोजायला त्याला पाच मिनिटं लागलेली. तो ठणठणीत होता.

“म्हाताऱ्या माणसांनाही हाच आजार असतो.”

खरं सांगायचं तर मी लिहायला बसले ती या ओळीमुळे. कालपर्यंत व्यवस्थित असलेल्या आजी आज दुपारी चारला “सकाळचा चहा कुठाय” विचारतात, रात्री उठून बाहेर जायची तयारी करतात, कधी एकदम ठीक बोलतात आणि तासाभराने परत गोंधळतात, तर तो डेलिरियम, म्हणजे शरीरातल्या बिघाडामुळे अचानक उडालेला मेंदूचा गोंधळ, असू शकतो. सोडियम कमी झालेलं असतं, लघवीचं इन्फेक्शन असतं, नवीन गोळीचा परिणाम असतो, कधी स्ट्रोकही असतो. त्यातलं बरंचसं वेळेत पकडलं तर बरं होतं आणि अंगावर काढलं तर जीवावर बेततं. अशा वेळी ‘टाइम ब्लाइंडनेस आहे, समजून घ्या’ म्हणून त्यांना झोपवून ठेवायचं? त्याच दिवशी हॉस्पिटल गाठा, आणि चालू असलेल्या सगळ्या गोळ्यांची पाकिटं बरोबर न्या. हेच हळूहळू, महिनोनमहिने वाढत गेलं असेल तर डिमेन्शियाची (स्मृतिभ्रंशाची) तपासणी करून घ्या, वय झालं म्हणून सोडून देऊ नका.

“औषध नाही, टोकू नका.”

टोमणे मारू नका, इतपत बरोबर आहे. पण औषध नाही हे साफ खोटं, एडीएचडीवर औषधं आहेत, थेरपी आहे, डॉक्टर माणूस बघून ठरवतात. आमच्याकडे भावाला गोळ्यांसोबत सगळ्यात जास्त फरक पडला तो वेळ डोळ्यांना दिसेल असा टायमर टेबलावर ठेवल्याने, आणि ‘अकराला निघ’ऐवजी ‘पावणेअकराला बूट घाल’ असं सांगायला लागल्याने. “ऑफिसची लोकल बरोबर पकडतोस ना, मग लग्नालाच कसा उशीर होतो” हे त्याला कितीदा ऐकवलंय लोकांनी. लोकल सुटते हो, डोळ्यांसमोर सुटते, त्याची धास्ती असते. लग्नाचं ‘संध्याकाळी या’ त्याच्या हातात येईपर्यंत संध्याकाळ संपलेली असते.

स्वतःबद्दल किंवा मुलाबद्दल शंका असेल तर सायकिॲट्रिस्टकडे जा, कुठे जायचं कळत नसेल तर सरकारच्या टेली-मानस या मानसिक आरोग्याच्या हेल्पलाइनला 14416 वर फोन करा, फुकट आहे, मराठीत बोलता येतं.