सत्काराचं वजन

काल रात्री त्या बॉक्सरच्या मालिकेचा भाग बघितला आणि अजून डोकं शांत झालेलं नाही. पोरगं मोठी स्पर्धा जिंकतं आणि लगेच हातात बाटली, दारात गाडी, आईला उलट उत्तरं. झालं, यश डोक्यात गेलं! या मालिकावाल्यांना यशातलं एवढंच कळतं का?

यश डोक्याच्या आधी पोटात जातं. कोल्हापुरात तरी नक्कीच. पेठेतलं एक पोरगं बॉक्सिंगमध्ये 57 किलोच्या गटात पदक घेऊन आलं. स्टँडवरनं हलगी-कैताळ लावून आणलं त्याला. मग तालमीचा सत्कार, मंडळाचा सत्कार, मामाच्या गावचा सत्कार. प्रत्येक ठिकाणी फेटा, नारळ, पेढा आणि "जेवल्याशिवाय सोडणार नाही". पांढऱ्या रस्स्याच्या वाट्या मोजून कोण वाढतं? तीन आठवड्यांत गडी 61 च्या वर.

खुराक म्हणजे माया, ही आपली समजूत लाल मातीतनं आलीय. दूध, तूप, थंडाई पैलवानाला चालतं, कारण तो तेवढा घाम रोज गाळतो आणि मैदानी कुस्तीत जोड अंदाजानं लागते. हौशी (अमॅच्युअर) बॉक्सिंगमध्ये ज्या दिवशी लढत, त्याच सकाळी काट्यावर वजन. पॅरिस ऑलिंपिकच्या कुस्तीत 2024 मध्ये विनेश फोगट 100 ग्रॅमनी बाहेर गेली, तेव्हा तुम्ही सगळे हळहळला होता की!

चरबी नीट उतरवायची तर आठवड्याला अर्धा किलो. चार किलोला दोन महिने. त्या पोराकडं पुढच्या लढतीला दहाच दिवस होते. मग राहतं ते पाणी तोडणं. प्लास्टिकचं जॅकेट घालून पळायचं, मीठ बंद, शेवटच्या दिवशी नुसती चूळ. काट्यावर 56.9 आलं, घरचे खूश. पण तोडलेलं पाणी काही तासांत अंगात परत मुरत नाही. पहिली फेरी त्यानं मारली. दुसरीत पाय जड झाले. तिसरीत उजवा हात गालावरून खाली आला आणि समोरच्याचा हुक, म्हणजे बाजूनं वळवून मारलेला ठोसा, बरोबर तिथंच बसला.

तो खाली आलेला हात दाखवा ना मालिकेत!

बाकीचं तरी धड करा. नायक उघड्या हातावर ग्लोव्हज चढवतो. अरे, आत साडेचार मीटरची पट्टी असते. अंगठ्यात फास, मनगटाला तीन वेढे, मुठीच्या हाडांवर तीन, मग बोटांच्या मधनं, आणि शेवट परत मनगटावर. बांधताना बोटं फाकलेली पाहिजेत, नाहीतर मूठ आवळली की पट्टी काचते, बोटं बधिर होतात. मनगटावर सैल राहिली तर मनगट मुडपतं. हाडांवर थर कमी पडला तर करंगळीच्या मागचं हाड मोडतं. आणि कोपऱ्यात गुरूचं केवढं भाषण! तीन मिनिटांच्या फेरीनंतर मिळतं एक मिनिट. त्यात स्टुलावर बसवायचं, माऊथगार्ड काढून धुवायचं, श्वास लागू द्यायचा, मग दोन सूचना. तिसरी त्याच्या कानात शिरतसुद्धा नाही.

मालिका आहे, लोक खिळवायचे असतात, कबूल. दारूनं वाया गेलेलेही आपण बघितलेत, तेही कबूल.

एक प्रसंग मात्र खरा होता. मिरवणूक संपल्यावर त्याला शर्टाचं बटण काढता येत नाही, बोटं सुजलेली असतात. आई काही न बोलता एकेक बटण काढते, मग परातीत बर्फ ओतून त्याचा हात त्यात धरते. तिथं डोळे भरून आले. ज्यानं कुणी हे लिहिलंय त्यानं असा हात जवळनं बघितलाय. मग बाटली कशाला आणली रे बाबा?

पेठेतलं ते पोरगं आता परत पहाटे पाचला रंकाळ्याला पळतंय. 59 वर आलंय, निवड चाचणीला पाच आठवडे आहेत, हिशेब बसतोय. दिसलं तर पाठीवर थाप मारा, फोटो काढा. खायला काही देऊ नका.