मोटारीनं राम म्हटला

बेळगावात वरचा मजला भाड्यानं देताना घरमालक काय काय विचारत नाही! नोकरी कुठं, माणसं किती, गाडी कुठं लावणार, पाहुणे फार येतात काय. डिपॉझिटवर तर चहाचे दोन कप होतात. पण 'मराठी शिकायचा काही विचार आहे काय?' हा प्रश्न कुणी विचारत नाही. तो भाडेकरारात पहिल्या कलमात घालावा, असं माझं आता ठाम मत झालं आहे.

आमचे भाडेकरू म्हैसूरचे. एका बँकेत अधिकारी. बायको-मुलं तिकडंच, मुलांच्या शाळेमुळं. माणूस अतिशय सज्जन, आणि तीच अडचण आहे. खानापूर, हिंडलग्याकडची म्हातारी माणसं काऊंटरवर येऊन मराठीत बोलतात, ती आपल्याला कळली पाहिजेत, असं ह्यांनी स्वतःच ठरवलं. इथं पाटीवरचं कुठलं अक्षर किती मोठं यावरून माणसं रस्त्यावर उतरतात. अशा गावात म्हैसूरचा एक कन्नड गृहस्थ आपणहून मराठी शिकायला लाल वही घेऊन दारात उभा राहतो, तर त्याला 'नंतर या' कसं म्हणायचं?

ते मला 'सार' म्हणतात. म्हणजे 'सर'च, पण म्हैसुरी. पहिल्या पहिल्यांदा मला हाक मारली की आमची आई आमटीचं पातेलं पुढं करायची.

सुरुवात साधी झाली. दूधवाला सकाळी 'राम राम साहेब' म्हणाला. वहीत नोंद पडली: राम राम म्हणजे नमस्कार. दोन दिवसांनी बँकेत कुणीतरी सांगितलं की, त्यानं जुन्या नोकरीला रामराम ठोकला. संध्याकाळी वही खाली.

"सार, नोकरीला नमस्कार केला म्हणजे प्रमोशन मिळालं?"

"नाही, नोकरी सोडली."

"येताना पण राम राम, जाताना पण राम राम?"

"हो."

"मग माणूस आलाय की गेलाय कसं कळायचं?"

"चेहरा बघायचा," मी म्हणालो. त्यांनी तेही लिहून घेतलं.

मग मोटारीचं झालं. आमच्याकडं नळाचं पाणी यायचं ते त्याच्या मर्जीनं येतं, म्हणून बोअरची मोटार. ती ऐन सकाळी बंद पडली. आईनं जिन्यातूनच आवाज दिला, "साहेब, पाणी जरा जपून वापरा हं. मोटारीनं राम म्हटला. मघापासनं बटण दाबालोय खरं चालूच हुईना." (आमच्याकडं 'खरं' म्हणजे 'पण'. त्याचा धडा वेगळा झाला, त्यात एक अख्खा रविवार गेला.)

साहेब टॉवेल गुंडाळून खाली आले, मोटारीजवळ वाकले आणि कान लावला. बराच वेळ ऐकलं.

"अज्जी, मला तर काहीच ऐकू येत नाही."

"तेच की! ऐकू येईना म्हणूनच राम म्हटला म्हणालोय."

मला मध्ये पडावं लागलं. राम म्हणणं म्हणजे मरणं, हे मी समजावून सांगितलं. ते अंगाला साबण लागलेल्या अवस्थेत पायरीवर बसले आणि विचारात पडले.

"म्हणजे सार, दोनदा राम म्हटलं तर माणूस जिवंत, एकदा म्हटलं तर मेला?"

मी उत्तर द्यायला तोंड उघडलं आणि मिटलं. हा नियम कुठल्याही व्याकरणात नाही, पण चुकीचाही नाही. तरी त्यांनी लगेच अपवाद काढला. "मग तुमच्याकडं शेवटच्या यात्रेत 'राम बोलो भाई राम' म्हणतात, त्यात तर दोन आहेत?"

"मध्ये 'बोलो भाई' आहे," आई म्हणाली. विषय मिटला.

मिटला असं आम्हाला वाटलं. पुढच्याच आठवड्यात समोरचे आजोबा हातात कुंद्याचा, म्हणजे आमच्या बेळगावच्या मिठाईचा, पुडा घेऊन आले. दारात साहेबच उभे होते. आजोबा आनंदानं फुललेले. "घ्या घ्या! आमच्या नातवानं आज राम म्हटलं!"

साहेबांचा चेहरा पांढरा पडला. त्यांनी आजोबांचे दोन्ही हात धरले. "फार वाईट झालं. वय काय होतं?"

"वर्ष भरायचंय अजून."

साहेबांच्या डोळ्यांत पाणी आलं. अशा प्रसंगी कुंदा वाटतात, ही इकडची चाल असणार असं समजून त्यांनी त्यातला एक तुकडाही मान खाली घालून घेतला. आजोबांना वाटलं, माणूस फार भाविक आहे, देवाचं नाव ऐकून गहिवरला. दोघंही एकमेकांवर खूष होऊन गेले. मला हे रात्री कळलं, तेव्हा मी नपुंसकलिंगाचा धडा घेतला. 'राम म्हटला' म्हणजे गेला, 'राम म्हटलं' म्हणजे बोलायला लागला. एका अनुस्वारावर मुलाचा जीव. साहेब वहीत लिहिता लिहिता म्हणाले, "सार, एवढ्या रिस्कवर तुम्ही लोक रोज बोलता?"

बँकेतही रामानं त्यांची पाठ सोडली नाही. एका शेतकऱ्याला त्यांनी ठेवीची योजना समजावली. तो सगळं ऐकून उठला आणि म्हणाला, "ह्यात काय राम नाही बघा साहेब." साहेबांनी नम्रपणे सांगितलं की, ही सरकारी योजना आहे, तिच्यात देवाचं नाव घालता येत नाही, पण आपण भिंतीवर फोटो लावू. शेतकरी म्हणे बाहेर जाऊन बराच वेळ पायरीवर बसून हसत होता. मग संध्याकाळी मी 'राम' म्हणजे जीव, सत्त्व, दम असं सांगितलं. त्यावर त्यांचा प्रश्न: "मग 'ह्यात राम आहे' असं कुणी का म्हणत नाही?" आठवून बघा. गाण्यात राम नाही, नोकरीत राम उरला नाही, भाषणात राम नव्हता. 'वा, काय राम आहे हो तुमच्या आमटीत!' असं मी तरी कुणाच्या तोंडून ऐकलेलं नाही. मराठी माणसाला राम नसला तरच त्याचा पत्ता लागतो.

मग रामप्रहर. आई 'रामाच्या पारी' उठते हे ऐकून त्यांनी बँकेच्या सवयीनं वेळ विचारली, किती ते किती. उजाडायच्या आधीची वेळ, असं मी सांगितलं. त्या वेळी फोन केला तर चालेल काय? मी म्हटलं, त्या वेळी कुणी फोन करत नाही, आणि आलाच तर कुणीतरी राम म्हटलेला असतो.

रामबाण त्यांना आधीच येत होता, तो कन्नडमध्येही आहे. 'अय्यो रामा' तर त्यांचंच. रामभरोसे एका झटक्यात कळलं, कारण त्या दिवशी ते बसनं आले होते. रामरगाडा काही केल्या कळेना. शेवटी आईनं त्यांना दिवाळीच्या आधी घरात बसवून घेतलं, अनारसे, चकल्या, धुणं, पाहुणे आणि माझ्या फर्मायशी दाखवल्या आणि म्हणाली, "हे." त्यांनी लिहून घेतलं.

एव्हाना माझाही स्वाभिमान जागा झाला होता. आपण मराठीचे आणि आपल्याला एका दोन अक्षरी शब्दाचा ठाव लागत नाही म्हणजे काय? शाळेत याच शब्दानं आम्हाला रडवलं होतं. रामः रामौ रामाः. आठ विभक्ती, तीन वचनं, चोवीस रूपं. एक राम सांभाळताना दशरथाचे प्राण गेले, आणि आम्हाला 'रामौ' म्हणजे दोन राम पाठ करायला लावायचे. रामरक्षेतल्या 'रामो राजमणिः' या एका श्लोकात सगळ्या विभक्ती ओळीनं येतात, हे आमच्या आजीला माहीत होतं. शाळेत मात्र कुणी सांगितलं नाही.

मी कोश काढले. बघतो तर रामाची वंशावळ भलतीच. अथर्ववेदात अंगावरच्या पांढऱ्या डागांवर औषध म्हणून एका वनस्पतीला साद घातली आहे, 'रामे, कृष्णे', आणि तिथं 'राम'चा अर्थ काळा, रात्रीसारखा. दुसरीकडं 'रम्' धातू, म्हणजे रमणं, थांबणं, सुखात असणं. त्याच धातूपासून विराम, त्याच्यापासूनच आराम, म्हणजे बाग. बौद्ध भिक्षूंचा मठ तो संघाराम. पुन्हा राम एकटा नाहीच: परशुराम, दशरथाचा राम आणि बलराम. म्हणून जुन्या गणिताच्या पोथ्यांत आकड्यांऐवजी शब्द वापरायचे, तेव्हा 'राम' म्हणजे तीन. चंद्र एक, वेद चार, राम तीन.

हे ऐकून बँकेचा माणूस जो खुलला! "म्हणजे राम राम म्हणजे सहा?"

"नाही, तिथं आकडे शेजारी मांडतात. तेहतीस."

त्या दिवसापासून टोकन नंबर तेहतीस आला की ते काऊंटरवरून हात जोडतात. गिऱ्हाइकांना वाटतं, काय नम्र अधिकारी.

निवडणुकीच्या दिवसांत 'आयाराम-गयाराम' वर आलं. मी सांगितलं की, हे प्रकरण हरियाणाचं. 1967 साली तिथल्या गयालाल नावाच्या आमदारानं एका पंधरवड्यात तीनदा पक्ष बदलला, त्यावरून हा शब्द देशभर गेला. साहेबांनी पेन खाली ठेवलं. "तीनदा! म्हणूनच राम!" मी काही बोललो नाही. काही व्युत्पत्त्या खोट्या असल्या तरी मोडवत नाहीत.

गणपत गल्लीत रामफळं आली तेव्हा त्यांनी घरी म्हैसूरला फोन करून बायकोला कळवलं की, रामफळाला मराठीतही रामफळच म्हणतात. म्हणजे एक शब्द तरी सरळ आहे. मला राहवलं नाही. मी सांगून टाकलं की, सीताफळ काय, रामफळ काय, दोन्ही मूळची अमेरिकेकडची, पोर्तुगीजांच्या गलबतातून इकडं आलेली. चौदा वर्षं वनवास काढला तरी प्रभूंना रामफळ मिळायची सोय नव्हती. मिळाली ती बोरं. ती देणारी शबरी तर आपल्याच जिल्ह्यातली, असं इकडं मानतात. रामदुर्ग तालुक्यात सुरेबानजवळ शबरीकोळ्ळ आहे, रविवारी जाऊन या. आणि सौंदत्तीला गेलात तर तिथं डोंगरावर यल्लम्मा म्हणजे रेणुका, परशुरामाची आई. तिथं राम म्हटलं तर आधी कुठला, हे विचारून घ्या. साहेब दोन्हीकडं जाऊन आले आणि आल्यावर म्हणाले, "सार, तुमच्या जिल्ह्यात रामाचं टीए-डीए बरंच होतं."

आता वाटलं, वही भरली. एवढं झाल्यावर एका संध्याकाळी त्यांनी विचारलं, "पण सार, मुळात हा राम म्हणजे नक्की कोण?" मी कपाळावर हात मारला आणि आपली म्हण तोंडातून निसटली: रात्रभर रामायण ऐकलं आणि सकाळी विचारतो, रामाची सीता कोण! त्यावर ते टाळी देत तीच म्हण कन्नडमध्ये म्हणाले. 'रात्रियेल्ला रामायण केळि' अशी तिची सुरुवात. रात्रभर ऐकून सकाळी हाच प्रश्न विचारणारे महाभाग सीमेच्या दोन्ही बाजूंना आहेत तर.

त्याच दिवशी त्यांनी आपलं दुःख सांगितलं. बेळगावला बदलून आल्यावर मराठी राहू द्या, कन्नडनंच त्यांना घाम फोडला होता. म्हैसुरात ख्यालीखुशाली विचारतात ती 'चेन्नागिद्दीरा?' अशी. इथं बँकेत पहिल्या दिवशी शिपायापासून सगळे विचारायला लागले, "आराम अदीरि?" साहेबांना वाटलं, आपण कामचुकार आहोत अशी बातमी आपल्या आधी येऊन पोचली. त्यांनी घाईघाईनं फायली उघडल्या.

मी म्हटलं, अहो, आमचं मराठीही तेच की. 'आराम हाय न्हवं?' म्हणजे बरं आहे ना, 'आराम नाही' म्हणजे आजारी. हा आपल्या तोंडातला आराम फारसीतून आलेला, पण संस्कृतच्या त्याच 'रम्'चा सख्खा चुलतभाऊ. म्हणजे बेळगावात चौकात मराठी माणूस म्हणतो 'राम राम', कन्नड माणूस म्हणतो 'आराम?' आणि मग दोघं नावाच्या पाटीवरून भांडायला मोकळे.

साहेबांनी हे दोन ओळींत लिहिलं, खाली रेघ मारली आणि वही मिटली. मला हायसं वाटलं.

भाडेकरार आमच्याकडं अकरा महिन्यांचा. तो संपला, तेव्हा मी वर गेलो. चहा झाला. महागाई, घरपट्टी, रंगकाम यावर थोडं बोलून मी हळूच दहा टक्के वाढीचा विषय काढला. साहेबांनी शांतपणे ऐकून घेतलं. मग बोलले, आणि इतकं सफाईदार मराठी मी त्यांच्याकडून तोवर ऐकलं नव्हतं.

"सार, करार झाल्यापासून मोटारीनं किती वेळा राम म्हटला? पाणी रामभरोसे. रामप्रहरी उठून बादल्या भरायचा रामरगाडा कुणाच्या गळ्यात? खरं सांगतो, ह्या वाढीत काही राम नाही."

पाठीमागं आई येऊन उभी होती. ती इतकी हसली की तिला जिन्यावर बसावं लागलं. "बरोबर बोलालेत की रे ते!" ती म्हणाली. घरातच फितुरी. मी पाच टक्क्यांवर आलो.

साहेबांनी लाल वही उघडली, पानं उलटली, एका नोंदीवर बोट ठेवलं आणि माझ्याकडं बघून हात जोडले.

"राम टक्के, सार."